नकाशात आपले घर कुठे आहे?

(गेल्या वर्षीच्या गणेशोत्सवात पुरानी बस्ती येथे दिलेले व्याख्यान. श्रोत्यांच्या आग्रहावरून ते स्मरणिकेसाठी लिहून काढले आहे.)



समितीची तरुण मंडळी घरी आली आणि म्हणाली, "काका, यंदा तुम्ही बोला." मी म्हटले, अरे बाबांनो, मी काही वक्ता नाही. माझी उभी हयात टेबलावर वाकून रेघा ओढण्यात गेली. सरकारी कचेरीत मी ड्राफ्ट्समन होतो. त्यावर एक चुणचुणीत मुलगा म्हणाला, "मग रेघांवरच बोला!" म्हणून आज मी रेघांवर बोलणार आहे. नकाशा कोण काढतो, त्यात काय दाखवतो, काय गाळतो आणि त्याचा आपल्या घरादारावर काय परिणाम होतो, एवढाच माझा विषय आहे. विषय रुक्ष वाटला तर मागच्या बाजूला प्रसादाची तयारी चालू आहे, तिकडे खुशाल लक्ष द्यावे.

सुरुवात घरापासून करू. आपल्यापैकी अनेकांची घरे इथे तीन-चार पिढ्यांची आहेत. अशा एखाद्या घरातल्या आजीला विचारा, "आजी, तुमची राजधानी कोणती?" लहानपणी तिची राजधानी नागपूर होती, कारण रायपूर तेव्हा मध्यप्रांतात होते. १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यांची पुनर्रचना झाली आणि तिची राजधानी भोपाळ झाली. १ नोव्हेंबर २००० रोजी छत्तीसगड राज्य झाले आणि राजधानी थेट तिच्या गावातच आली. आजी तिच्या ओसरीवरून हललीसुद्धा नाही. चूल तीच, तुळस तीच, पण तीन राजधान्या झाल्या. ५६ च्या रेघेने तर नागपूर-विदर्भातले आपले सोयरे एका राज्यात गेले आणि आपण दुसऱ्या राज्यात राहिलो. लेकीचे सासर परराज्यात गेले! रेघ कागदावर ओढली जाते, पण ती माणसाच्या अंगणातून जाते, असे मी म्हणतो ते याच अर्थाने.

आता कुणी म्हणेल, नकाशा म्हणजे जमिनीचे चित्र, जे आहे ते त्यात दिसते. मीही नोकरीला लागलो तेव्हा असेच समजत होतो. पण आपल्या शाळेच्या भिंतीवर टांगलेला जगाचा नकाशा आठवा. त्यात ग्रीनलंड केवढे मोठे दिसते! पाहावे तर जवळजवळ आफ्रिकेएवढे. प्रत्यक्षात आफ्रिका ग्रीनलंडच्या सुमारे १४ पट आहे. आपला भारतसुद्धा ग्रीनलंडच्या दीडपट आहे, पण त्या नकाशात तो त्याच्यापुढे लहानगा दिसतो. मर्केटर नावाच्या गृहस्थाने १५६९ साली हा नकाशा काढला तो दर्यावर्दी लोकांसाठी, जहाजाची दिशा चुकू नये म्हणून. त्या कामाला तो उत्तम होता. पण पुढे तोच शाळाशाळांतून लागला आणि युरोप मोठा, आपण लहान, असे पोरांच्या मनात न बोलता ठसत गेले. तेव्हा नकाशा पाहताना पहिला प्रश्न विचारावा, "हा कुणी, कशासाठी काढला?"

हाच प्रश्न आपल्या वस्तीला लावून पाहू. आपल्या वस्तीचे नाव पुरानी बस्ती. पण मला सांगा, या महामायेच्या देवळाभोवती जी पहिली माणसे राहायला आली, त्यांनी आपल्या गावाला "पुरानी" म्हटले असेल का? कुणीही आपल्या राहत्या गावाला जुने म्हणत नाही. शेजारी नवे काही उभे राहते, तेव्हा जुने हे जुने ठरते. बाजार तिकडे सरकला, कचेऱ्या, सिव्हिल लाइन्स आणि स्टेशन झाले, आणि शहराचे मूळ असलेली ही जागा कागदावर "जुनी" झाली. नाव देणे हीसुद्धा एक सत्ता असते.

पण इथे आपण मराठी माणसांनी थोडे आरशातही पाहिले पाहिजे. नकाशाच्या गोष्टीत आपण नेहमीच सोसणाऱ्यांच्या बाजूला होतो असे नाही. छत्तीसगड हे नाव ३६ गढांवरून पडले असे परंपरा सांगते. शिवनाथ नदीच्या उत्तरेला १८ गढ रतनपूरचे, दक्षिणेला १८ रायपूरचे. १७४१ साली भास्करपंत कोल्हटकर फौज घेऊन इकडे आले. पुढे बिंबाजी भोसल्यांनी रतनपूरहून कारभार केला. १७८७ मध्ये बिंबाजी गेल्यावर नागपूरकर भोसल्यांनी इथे सुभेदार नेमले आणि विठ्ठलराव दिनकर सुभेदार असताना गढांची जुनी व्यवस्था मोडून परगणे पाडले गेले. कशासाठी? वसुलीसाठी. परगणा म्हणजे हिशेबाची रेघ. ज्याच्या गढीला पिढ्यान्‌पिढ्या मान होता तो बाजूला पडला, आणि कमाविसदार येऊन बसला. आपल्या काही घरांचे पूर्वज त्याच काळात दप्तर सांभाळायला इकडे आले. हे मी कुणाला कमीपणा आणण्यासाठी सांगत नाही. लेखणी ज्याच्या हातात, रेघ त्याच्या सोयीची, हा नियम आपल्यालाही लागू होता, एवढेच सांगायचे आहे.

मग इंग्रज आले, पण फौजेच्या आधी त्यांचा मोजणीदार आला. १७९५ साली भोसल्यांचे राज्य चालू असतानाच कॅप्टन ब्लंट हा कंपनीचा माणूस रतनपूर, रायपूर करत या मुलखातून गेला. वाटा, नद्या, गावे, किल्ले सगळे त्याने टिपून घेतले. १८१८ मध्ये भोसल्यांचा पराभव झाला आणि कारभार इंग्रज अधिकाऱ्यांकडे गेला, तेव्हा कर्नल अ‍ॅग्न्यू यांनी मुख्य ठाणे रतनपूरहून रायपूरला आणले. एका निर्णयाने रतनपूर मागे पडले आणि रायपूर पुढे आले. त्याच काळात साऱ्या हिंदुस्थानची मोजणी चालू होती. १८०२ मध्ये मद्रासजवळ ती सुरू करणारा विल्यम लॅम्टन मोजत मोजत उत्तरेकडे येत होता. नागपूरच्या वाटेवर असताना १८२३ साली तो आपल्या वर्धा जिल्ह्यातल्या हिंगणघाटला वारला. त्याची कबर तिथेच आहे. हिंगणघाटला कुणाचे सासर-माहेर असेल तर पाहून या. माणूस कामाचा पक्का होता, यात शंका नाही. पण ज्या सरकारसाठी तो मोजत होता, त्याला जमीन माहीत करून घ्यायची होती ती राज्य करण्यासाठी.

आणि १९४७ ची रेघ तर आपल्या शहराने डोळ्यांनी पाहिली. सिरिल रॅडक्लिफ यापूर्वी कधी हिंदुस्थानात आलेले नव्हते. पंजाब आणि बंगालची वाटणी करायला त्यांना जेमतेम पाच आठवडे मिळाले. तिकडे ओढलेल्या रेघेची माणसे पुढे आपल्या दारात आली. १९६४ नंतर पूर्व पाकिस्तानातून आलेली कुटुंबे माना कॅम्पमध्ये राहिली, ते तुमच्यापैकी ज्येष्ठांना आठवत असेल. आज माना म्हटले की तरुणांना विमानतळ आठवतो.

आता थोडे माझ्याबद्दल. हे मी आजवर कुठे बोललो नव्हतो.

१९८४ सालची गोष्ट. कचेरीचे आणि वस्तीचे नाव मी सांगणार नाही. शहराच्या कडेला एका वस्तीची मोजणी होती. मे महिना, रणरणते ऊन. साखळी टाकत आम्ही एका मोठ्या खोलगट जागेपाशी आलो. तळाशी भेगा पडलेला चिखल, पोरे क्रिकेट खेळत होती. पिंपळाखाली एक म्हातारेबुवा बसले होते. ते म्हणाले, "साहेब, हा तरिया आहे." छत्तीसगडीत तलावाला तरिया म्हणतात हे तुम्हाला सांगायला नको. मी फील्ड बुकात पेन्सिलीने "तलाव, कोरडा" असे लिहून घेतले. कचेरीत आल्यावर वरिष्ठ म्हणाले, "पाणी कुठे आहे? पाणी नाही तर तलाव कसा दाखवायचा? पडीत लिही." मी नवा होतो, घरी दोन लहान मुले होती. मी ट्रेसिंगवर "पडीत" लिहिले. एक शब्द! अक्षर मात्र फार सुरेख काढले होते, साहेबांनी तारीफ केली.

पुढे त्या कागदावरून दुसरा कागद झाला, दुसऱ्यावरून तिसरा. काही वर्षांनी एका रंगीत आराखड्यात मी तीच जागा पिवळी पाहिली. पिवळा रंग म्हणजे निवासी. प्लॉट पडले. नोकरदार, छोटे दुकानदार, आपल्यासारख्याच माणसांनी भविष्य निर्वाह निधी काढून ते घेतले. निवृत्तीनंतर एका पावसाळ्यात मी मुद्दाम तिकडे गेलो. एका बाईने मला भिंतीवरची खूण दाखवली, कमरेएवढी. म्हणाल्या, "दर वर्षी पाणी इथपर्यंत येते हो, का येते कळत नाही." मला कळत होते. पाणी आपल्या घरी येत होते. आम्ही त्याचे घर कागदावरून पुसले होते, पण पाण्याला कागद वाचता येत नाही.

यात कुणी लाच घेतली असे मी म्हणत नाही. दुष्टपणाही नव्हता. फक्त जो वरिष्ठ म्हणाला तो तलावापाशी आला नव्हता, आणि जो तलावापाशी बसला होता त्याला कुणी विचारले नव्हते. आज माझे सगळे म्हणणे या एका वाक्यात आहे.

आता आपल्या रायपूरकडे पाहा. हे तलावांचे शहर. बूढा तालाब, महाराजबंध, कंकाली तालाब, खो-खो तालाब, तेलीबांधा. शेजारी कागद नसला तरी ही नावेच आपला नकाशा आहेत. जिथे नावात "बंध" किंवा "बांधा" आहे तिथे कधीतरी कुणीतरी पाणी अडवले आहे. रजबंधा मैदानाचे नाव घ्या. मैदान कसले, तो रजबंधा तलाव होता. तो बुजला, त्यावर इमारती झाल्या, वर्तमानपत्रांच्या कचेऱ्या आल्या. नाव मात्र अजून साक्ष देते. बूढा तालाबाचे सरकारी नाव विवेकानंद सरोवर. स्वामीजींचे लहानपणीचे दिवस या भागात गेले, त्यामुळे ते नाव योग्यच आहे. तरी रिक्षावाल्याला आपण बूढा तालाबच सांगतो. आणि तेलीबांध्याला आमची नातवंडे मरीन ड्राइव्ह म्हणतात! मुंबईचा समुद्र रायपूरच्या तलावात आला. हसू नका, त्या नावामागे तेल्यांनी बांधलेला बांध दिसेनासा होतो, हे ध्यानात घ्या. तात्यापारा, लाखेनगर ही नावेही अशीच जपायची. वामनराव लाखे यांनी १९१३ साली इथे सहकारी बँक उभी करण्यात पुढाकार घेतला, हे लाखेनगरातल्या किती मुलांना ठाऊक आहे?

कुणी म्हणेल, काका आराखड्यांच्या विरोधात दिसतात. अजिबात नाही. मी आयुष्यभर त्याचीच भाकरी खाल्ली. आपल्या गल्लीत रुग्णवाहिका शिरत नाही, अग्निशमनाची गाडी वळत नाही, हे काही भूषण नाही. नियोजन हवेच. प्रश्न कुणाला विचारून, हा आहे. मुंबईत १८९६ साली प्लेग आला. त्यानंतर १८९८ मध्ये सुधारणेसाठी ट्रस्ट स्थापन झाला. दाट वस्त्यांतून रुंद रस्ते काढायचे, समुद्राची हवा आत येऊ द्यायची, हेतू चांगलाच होता. प्रिन्सेस स्ट्रीट, सँडहर्स्ट रोड असे रस्ते झाले. पण जी घरे पडली त्यातली गरीब माणसे नव्या घरांचे भाडे देऊ शकली नाहीत. ती शेजारच्या चाळीत जाऊन आणखी दाटीवाटीने राहिली. नकाशावर रस्ता स्वच्छ दिसला, माणूस मात्र नकाशाबाहेर गेला.

दुसरे उदाहरण नवी मुंबईचे. १९७० मध्ये सिडको स्थापन झाली आणि ठाणे-रायगडातल्या ९५ गावांच्या जमिनींवर नवे शहर आखले गेले. मुंबईवरचा भार कमी व्हावा म्हणून मोठमोठ्या विचारवंत स्थापत्यकारांनी मांडलेली ती कल्पना होती. पण ज्यांची भातशेती आणि मिठागरे गेली त्या आगरी-कोळ्यांना मोबदल्यासाठी रस्त्यावर यावे लागले. जानेवारी १९८४ मध्ये उरण भागात दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखालील आंदोलनावर गोळीबार झाला, पाच जणांचे प्राण गेले. त्यानंतर संपादित जमिनीच्या साडेबारा टक्के विकसित भूखंड परत देण्याची योजना आली. जी गोष्ट रेघ ओढण्याआधी विचारून ठरवता आली असती, ती माणसे गेल्यावर ठरली. शिवाय गावठाणाची हद्द जुन्या मोजणीची. कुटुंबे वाढली, मुलांनी हद्दीपलीकडे घरे बांधली आणि ती "अनधिकृत" ठरली. आजोबांच्या जन्माआधीची रेघ नातवाला बेकायदा ठरवते!

हे सगळे तिकडचे आहे असे समजू नका. आपल्यापासून थोड्याच अंतरावर नवा रायपूर आहे. २०१२ मध्ये मंत्रालय तिकडे गेले, २०१८ मध्ये त्याला अटल नगर हे नाव मिळाले. रुंद रस्ते, आखीव सेक्टर, पाहून डोळे निवतात. पण जानेवारी २०२२ मध्ये तिथल्या २७ गावांचे शेतकरी धरण्याला बसले. त्यांच्या मागण्यांत एक होती ती आपल्या राहत्या घराच्या पट्ट्याची. शहर ज्यांच्या शेतावर झाले त्यांनाच "आमचे घर कागदावर लिहा" असे म्हणावे लागले. नवी मुंबई आणि नवा रायपूर, नावे सारखी, प्रश्नही सारखाच.

मग आपण काय करायचे? नुसते हळहळून भागणार नाही. चार साध्या गोष्टी सांगतो.

पहिली. आराखड्याचा मसुदा निघाला की तो पाहायला जा. आपल्याकडे १९७३ चा नगर तथा ग्राम निवेश अधिनियम आहे. मसुदा प्रसिद्ध झाल्यापासून हरकती व सूचना द्यायला ३० दिवस मिळतात. मी कचेरीत असताना पाहिले आहे, ज्यांच्या मोठ्या जमिनी त्यांचे वकील पहिल्या आठवड्यात हजर असत. सामान्य माणूस येई तो बुलडोझर आल्यावर. तोवर तीस दिवस संपून तीन वर्षे झालेली असत.

दुसरी. जुने कागद वाचायला शिका. खसरा, पटवारी नकाशा, नजूलच्या शीट. ग्रामीण भागात निस्तार पत्रक आणि वाजिब-उल-अर्ज असतात. कुठल्या तलावावर गुरे पाणी पितात, कुठली वाट सर्वांची, हे त्यांत लिहिलेले असते. म्हणजे इंग्रजांच्या काळातल्या त्याच मोजणीने गरिबाचा हक्कही नोंदवून ठेवला आहे. कागद शत्रू नाही, तो आपण वाचत नाही ही अडचण आहे. आणि कागद कुणी दाखवत नसेल तर २००५ चा माहितीचा अधिकार आहेच. तलाव, कुरणे अशा सामाईक जागा राखल्याच पाहिजेत, असे सर्वोच्च न्यायालयानेही २००१ आणि २०११ मध्ये बजावले आहे.

तिसरी. मोबाइलमधल्या नकाशावर विसंबून राहू नका. त्यात दुकान सापडते, पण महामायेच्या मागची विहीर, म्हाताऱ्या बाया उन्हाळ्यात बसतात तो पार, पोरांची खेळायची जागा सापडेलच असे नाही. जे नकाशात नाही ते "रिकामे" समजले जाते, आणि रिकाम्या जागेला गिऱ्हाईक लगेच मिळते.

म्हणून चौथी आणि मुख्य. आपला नकाशा आपण काढू. आपल्या झांक्यांची मिरवणूक दर वर्षी सदर बाजार, कंकालीपारा, पुरानी बस्ती, लाखेनगर करत महादेव घाटाकडे जाते. कुठे तार खाली आली आहे, कुठे वळण अरुंद आहे, कुठे पाणी साचते, कुठल्या घरासमोर आरतीला थांबायचे, हे सगळे आपल्या कार्यकर्त्यांना तोंडपाठ असते. कुठल्याही कचेरीत एवढी बारीक माहिती नाही! ती फक्त कागदावर आलेली नाही. तरुण मंडळींनी टेप आणि वही घ्यावी, एकेका ज्येष्ठाला बरोबर घेऊन एकेक पारा पायी फिरावा. विहिरी, तलावांचे काठ, पावसाचे पाणी जाते त्या वाटा, जुनी झाडे, मठ, देवळे, भाडेकरूंच्या खोल्या, हातगाड्यांच्या जागा, सगळे मांडावे. भाडेकरू आणि हातगाडीवाले मी मुद्दाम म्हणतो. नाहीतर आपण घरमालक मिळून नकाशा काढू आणि आपल्यापेक्षा गरिबाला गाळू. मग माझ्या त्या साहेबांत आणि आपल्यात फरक काय राहिला? कागद, शाई आणि माझे हे म्हातारे हात समितीला मोफत मिळतील.

शेवटी गणरायाचीच एक गोष्ट सांगतो आणि थांबतो. व्यासांनी महाभारत सांगायचे आणि गणपतीने लिहायचे असे ठरले. गणपती म्हणाला, माझी लेखणी थांबता कामा नये. व्यास म्हणाले, कबूल, पण अर्थ समजल्याशिवाय लिहायचे नाही. मी आयुष्यभर या लेखनिकाच्या तसबिरीसमोर बसून काम केले. माझी लेखणी कधी थांबली नाही. पण १९८४ च्या त्या दुपारी मी अर्थ समजूनही चूक लिहिले. आज तुमच्यासमोर ते कबूल केले, जीव थोडा हलका झाला.

पुढच्या वर्षी याच मंडपात, बाप्पांच्या शेजारच्या भिंतीवर, पुरानी बस्तीचा आपण काढलेला नकाशा लागलेला असावा, आणि त्यात प्रत्येकाला आपले घर बोट ठेवून दाखवता यावे, एवढीच गजाननाच्या चरणी प्रार्थना.

गणपती बाप्पा मोरया!